तीन लाखांच्या गावातला बँड तीस वर्षं टिकला, मग संभाजीनगरात ते इतकं अवघड का?

२०२५च्या जानेवारीत कोल्डप्ले भारतात आला. नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर तीन आणि अहमदाबादला दोन शो झाले. त्याच महिन्यात पंतप्रधान मोदींनी भुवनेश्वरच्या भाषणात 'कॉन्सर्ट इकॉनॉमी'चा उल्लेख केला आणि मोठे शो म्हणजे मोठा धंदा, हे सगळ्यांच्या तोंडी बसलं.

पण ही गोष्ट जरा खालच्या बाजूने बघू. समजा छत्रपती संभाजीनगरात, सिडकोतल्या एखाद्या गच्चीवर चार पोरं-पोरी ड्रम आणि गिटार घेऊन बसलीत. हिंदी सिनेमाची गाणी नाही, स्वतः लिहिलेली गाणी वाजवतायत. त्यांनी पुढे काय करायचं?

उत्तर शोधायला आधी थोडं लांब जावं लागेल.

अमेरिकेत साठच्या दशकात शाळा-कॉलेजातली पोरं घरच्या गाडीच्या गॅरेजात बँड वाजवायची. सूर थोडे इकडे-तिकडे, आवाज कर्कश, पण जोश प्रचंड. याला पुढे गॅरेज रॉक हे नाव पडलं. सोलचं मूळ वेगळं. कृष्णवर्णीयांच्या चर्चमधलं भजन बाहेर पडलं, रिदम अँड ब्लूजमध्ये मिसळलं आणि सोल झालं. जेम्स ब्राऊन, अरेथा फ्रँकलिन, ओटिस रेडिंग ही त्यातली माणसं. एकात मोडतोड, दुसऱ्यात पोटातून आलेली हाक.

या दोन्हींची भट्टी जमवणारा एक बँड म्हणजे द बेलरेज. गायिका लिसा केकॉला, गिटारवर बॉब वेनम. सुरुवात १९९०च्या सुमारास. गाव लॉस एंजेलिस नव्हे, तर तिथून नव्वदेक किलोमीटरवरचं रिव्हरसाइड. लोकसंख्या तीन लाखांच्या आसपास, म्हणजे आपल्या संभाजीनगरच्या साधारण पाव. २०११च्या जनगणनेत आपलं शहर पावणेबारा लाखांचं होतं.

बेलरेजची कमाल अशी की त्यांच्या स्वतःच्या नावावर जगभर गाजलेलं एकही गाणं नाही. लिसाचा आवाज सर्वात जास्त लोकांनी ऐकला तो दुसऱ्यांच्या गाण्यात, बेसमेंट जॅक्स या ब्रिटिश जोडीच्या 'गुड लक'मध्ये. तरी बँड तीस वर्षांहून जास्त चालला. छोट्या कंपन्यांकडून रेकॉर्ड काढायच्या आणि अमेरिका-युरोपातल्या क्लबांमध्ये वाजवत फिरायचं. शंभर-दोनशे माणसांच्या खोल्या, आज या गावात तर उद्या त्या गावात. गाणं हिट नसलं तरी पुढच्या आठवड्यात वाजवायला जागा होती. बँडचं करिअर या जागांवर उभं राहतं. आपण मात्र पोरांना पहिला प्रश्न विचारतो, व्ह्यूज किती आले?

आता तुम्ही म्हणाल, ते अमेरिकेचं झालं, आपल्याकडे रॉकला विचारतो कोण? तर एकेकाळी विचारत होते.

१९७० आणि ७१ साली इम्पीरियल टोबॅको कंपनीने आपल्या 'सिमला' सिगारेटच्या जाहिरातीसाठी देशभरातल्या बँडची स्पर्धा घेतली, सिमला बीट. तिच्या दोन तबकड्या निघाल्या. मद्रास, बंगळूर, कलकत्ता, शिलाँग, मुंबई, सगळीकडची पोरं त्यात आहेत. आज परदेशातले संग्राहक या तबकड्या 'भारतीय गॅरेज रॉक' म्हणून शोधत असतात. (सिगारेटवाल्यांनी जाहिरातीसाठी केलेलं काम आज दस्तऐवज ठरलंय.) ७१च्या तबकडीवर मुंबईचा व्हेल्व्हेट फॉग हा बँड आहे.

या व्हेल्व्हेट फॉगमध्ये गाणारा एक मराठी पोरगा होता, नंदू भेंडे. आत्माराम भेंडे आणि आशा भेंडे या मराठी रंगभूमीवरच्या जोडप्याचा मुलगा. घरात नाटक, गळ्यात रॉक. तेव्हाच्या मुंबईत हॉटेलं आणि डिस्कोथेकमध्ये जिवंत बँड वाजायचे. कुलाब्यात स्लिप डिस्क नावाची जागा होती, १९७२ साली लेड झेपलिनचे जिमी पेज आणि रॉबर्ट प्लांट तिथे येऊन वाजवून गेले. म्हणजे रिव्हरसाइडवाल्यांना पुढे जे मिळालं ते थोड्या काळासाठी मुंबईतही होतं.

पुढे काय झालं ते नंदू भेंडेंच्या प्रवासात दिसतं. अलीक पदमसींनी 'जीझस ख्राइस्ट सुपरस्टार' मुंबईत केलं तेव्हा ते जुडास झाले. त्यात जीझस झालेले मधुकर धस हे मुंबईच्या अॅटॉमिक फॉरेस्ट बँडचे गायक. मग १९७८ला पु. ल. देशपांड्यांचं 'तीन पैशांचा तमाशा' आलं, दिग्दर्शक जब्बार पटेल. लावणी, नाट्यसंगीत आणि रॉक एकाच मंचावर. त्याच्या संगीतात भास्कर चंदावरकर, आनंद मोडक यांच्याबरोबर नंदू भेंडे होते. मराठी प्रेक्षकाने तिकीट काढून रॉक ऐकला तो असा, नाटकाच्या दारातून. त्यानंतर १९८२च्या 'डिस्को डान्सर'मध्ये 'कृष्णा धरती पे आजा तू' त्यांनी गायलं. २०१४ साली ते गेले.

बघा, कारकीर्द नाटकात आणि सिनेमात फुलली. बँड मात्र मागे राहिला. डिस्को आल्यावर हॉटेलवाल्याला पाच वादकांपेक्षा रेकॉर्ड लावणारा एक माणूस स्वस्त पडायला लागला. अॅटॉमिक फॉरेस्टने तर १९७७ला अख्खा अल्बम रेकॉर्ड केला, पण तबकडी बाजारात येईपर्यंत बँड मोडला होता. २०११ला अमेरिकेतल्या नाऊ-अगेन या कंपनीने त्यांची गाणी पुन्हा काढली तेव्हा बाहेरच्या जगाला कळलं की मुंबईत असलं काही वाजत होतं. वाजवायची जागा गेली की चांगला गायकही दुसऱ्याच्या मंचावर जातो. त्यात त्याची चूक नाही, घर चालवायचं असतं.

आता परत त्या सिडकोतल्या गच्चीवर येऊ.

या पोरांकडे सत्तरच्या दशकात कुणाकडे नव्हतं ते आहे. घरच्या लॅपटॉपवर रेकॉर्डिंग, संध्याकाळी गाणं जगभर. पण २०२४पासून स्पॉटिफायचा नियम आहे की मागच्या बारा महिन्यांत हजार वेळा न ऐकलेल्या गाण्याला दमडी मिळत नाही. आणि व्हायरल झालंच तर? २०२३च्या एप्रिलमध्ये याच शहरातल्या राज मुंगासे या रॅपरचं 'पन्नास खोके'वरचं गाणं राज्यभर फिरलं. त्यावरून अंबरनाथमध्ये गुन्हा नोंदला गेला आणि बातम्या गाण्यापेक्षा गुन्ह्याच्याच जास्त झाल्या. लोकांना त्याचं नाव कळलं. पण नाव कळणं वेगळं आणि दर शनिवारी वाजवायला बोलावणं येणं वेगळं.

शहरात मंच नाहीत असं नाही. संत एकनाथ रंगमंदिर आहे, सिडकोत संत तुकाराम नाट्यगृह आहे, निराला बाजारात तापडिया आहे, एमजीएमचं रुक्मिणी सभागृह आहे. सोनेरी महालात वेरूळ-अजिंठा महोत्सव होतो, जो मध्ये काही वर्षं बंद पडून २०२३ला पुन्हा सुरू झाला. पण ही सगळी मोठी सभागृहं, किंवा वर्षातून एकदा येणारा उत्सव. नव्या बँडला शेकडो खुर्च्यांचं नाट्यगृह म्हणजे भाड्याचा खड्डा.

साधा हिशोब करून बघा. शंभर माणसं, दोनशे रुपये तिकीट, वीस हजार जमा. त्यात साउंडवाला, जागा, टेम्पो गेले की चार वादकांना पेट्रोल आणि जेवण सुटतं. एकदा केलं तर हौस, महिन्यातून चारदा झालं तर हळूहळू धंदा. त्यासाठी शंभर खुर्च्यांची, आवाज भिंतीबाहेर न जाणारी खोली लागते. उघड्यावर वाजवायचं तर रात्री दहाला लाउडस्पीकर बंद. बारापर्यंतची सवलत वर्षाला जास्तीत जास्त पंधरा दिवस, आणि ते दिवस सणांनाच लागतात.

गंमत म्हणजे स्वतःच्या हिमतीवर गाणाऱ्यांची एक साखळी या शहरात जुनीच आहे. १४ एप्रिलच्या आसपास भडकल गेटला, १४ जानेवारीला विद्यापीठ गेटवर जाऊन बघा. भीमगीतांचे जलसे, कव्वालीचे मुकाबले, गायन पार्ट्या. मंडळ वर्गणी काढतं, पार्टीला सुपारी देतं, पार्टी रात्र गाजवते आणि दुसऱ्या दिवशी दुसऱ्या वस्तीत. वामनदादा कर्डक याच रस्त्याने गावोगाव फिरले. मोठ्या कंपनीचा करार नाही, रेडिओची मेहेरबानी नाही, समोर बसलेली माणसं खर्च उचलतात. सोल जसं चर्चमधून आलं तसंच हेही एका समाजाच्या पोटातून आलेलं गाणं. बेलरेजला जगवणारी जी रचना होती, तिचा मराठवाड्यातला जवळचा नातलग हाच.

गिटारवाली पोरं बहुतेकदा या मंचाकडे बघतच नाहीत, ती पुण्याच्या कॅफेकडे बघतात. पुणं सव्वादोनशे किलोमीटरवर. चार माणसं आणि ड्रम घेऊन जाऊन यायचं तर मिळालेलं मानधन डिझेलमध्येच जातं. तीन-चार फेऱ्या झाल्या की ड्रमर वाळूजच्या कंपनीत शिफ्ट धरतो, गिटारवाला लग्नाच्या ऑर्केस्ट्रात जातो, आणि स्वतःची गाणी यूट्यूबवर तीनशे व्ह्यूजवर थांबलेली असतात.