विश्लेषण : डिस्चार्ज कार्डावरचे ‘हेड इंज्युरी’ रुग्णाला महागात का पडते?

दुचाकी घसरली, रुग्णाला रात्री अपघात विभागात आणले, सीटी स्कॅन झाला, आठवडाभराने घरी सोडले. डिस्चार्ज कार्डावर निदानाच्या रकान्यात दोनच शब्द : ‘हेड इंज्युरी’. यात खोटे काहीच नाही. पण हे शब्द नोंदींच्या यंत्रणेत शिरतात, तेव्हा त्यांचा अर्थ ‘मेंदूला इजा’ असा होत नाही.

सहा आणि नऊचा फरक

जागतिक आरोग्य संघटनेच्या आंतरराष्ट्रीय रोग वर्गीकरणात, म्हणजे आयसीडीत, प्रत्येक आजाराला आणि दुखापतीला एक कोड असतो. १९९०मध्ये मंजूर झालेल्या दहाव्या आवृत्तीत कवटीच्या आतील इजांसाठी ‘एस०६’ हा गट आहे. मार लागून मेंदू हादरला तर एस०६.०, मेंदूवरील जाड आवरणाच्या बाहेर रक्त साचले तर एस०६.४, त्याच आवरणाखाली साचले तर एस०६.५. टाळूच्या जखमेचा कोड वेगळा, कवटीच्या फ्रॅक्चरचा वेगळा.

आणि कागदावर फक्त ‘हेड इंज्युरी’ असेल तर? मग एस०९.९, म्हणजे ‘डोक्याची अनिर्दिष्ट दुखापत’. स्कॅनमध्ये रक्तस्राव स्पष्ट दिसला असला, तरी नोंदीपुरता मेंदू सुखरूप! कोड देणारा कर्मचारी रुग्णाला पाहत नाही, तो कागद वाचतो. त्याने अंदाजाने कोड देऊ नये, हेच योग्य. त्यामुळे दोष त्याच्या माथी मारण्यात अर्थ नाही.

कोडवरून गांभीर्य कळते का?

पुरेसे नाही. आवरणाखालचा रक्तस्राव पातळ थरापुरता असू शकतो किंवा काही तासांत जीव घेणारा. गांभीर्य मोजण्यासाठी १९७४पासून ‘ग्लासगो कोमा स्केल’ वापरले जाते. डोळे उघडणे, बोलणे आणि हालचाल यांवरून ३ ते १५ गुण दिले जातात. १३ ते १५ सौम्य, ९ ते १२ मध्यम, ८ किंवा कमी म्हणजे गंभीर. अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५पासून लागू असलेल्या सुधारित आयसीडी-१०मध्ये रुग्ण किती वेळ बेशुद्ध होता हेही कोडमध्येच येते आणि शेवटचे अक्षर उपचार पहिल्या टप्प्यातले आहेत की नंतरच्या, हे सांगते. आपल्याकडे एवढे बारकावे नकोत. पण अपघात विभागात लिहिलेले ग्लासगोचे गुण डिस्चार्ज कार्डापर्यंत पोहोचायला काय हरकत आहे?

सहा महिन्यांनंतर काय?

खरी अडचण इथे सुरू होते. डोके दुखते, नावे आठवत नाहीत, राग अनावर होतो, कामावर लक्ष लागत नाही. अशा उशिरा दिसणाऱ्या परिणामांसाठीही वर्गीकरणात जागा आहे : टी९०.५, म्हणजे कवटीच्या आतील इजेचे उत्तरपरिणाम. मात्र तो लावायचा तर मूळ इजेची नोंद हवी. ती नसेल तर याच तक्रारी ‘डोकेदुखी’ किंवा मानसिक आजार म्हणून नोंदल्या जातात आणि अपघाताशी असलेला धागा तुटतो. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात विमा कंपनीच्या वकिलाला ‘मेंदूला इजा झाल्याचे कार्डावर कुठे आहे?’ असे विचारायला आयता वाव मिळतो. नोकरी गमावलेल्या घरासाठी हा प्रश्न कागदोपत्री उरत नाही.

देशाचा हिशेब

२०२२मध्ये देशात रस्ते अपघातांत १,६८,४९१ जणांचा मृत्यू झाला. त्यात दुचाकीवरचे सुमारे ४४.५ टक्के. हा आकडा पोलिसांच्या नोंदींवरून येतो. कोणती जखम जीवघेणी ठरली, हे त्यातून कळत नाही. ते सांगायचे काम मृत्यूच्या वैद्यकीय प्रमाणपत्राचे. पण २०२०मध्ये नोंद झालेल्या मृत्यूंपैकी जेमतेम २२.५ टक्के मृत्यूंचे कारण वैद्यकीयदृष्ट्या प्रमाणित होते. त्यातही कारणाच्या जागी ‘हृदयक्रिया बंद पडली’ लिहिण्याची सवय जुनी आहे. मृत्यू कोणाचाही असो, हृदय थांबतेच! नियमाने अपघातातील मृत्यूत मूळ कारण म्हणून अपघाताचा प्रकार, उदाहरणार्थ दुचाकीस्वाराची धडक, आणि सोबत इजेचा कोड, अशा दोन्ही नोंदी हव्यात. हेल्मेटसक्ती किती जीव वाचवते, न्यूरोसर्जन कोणत्या जिल्ह्यात हवेत, हे याशिवाय कसे ठरवणार?

नातेवाइकांनी काय करावे?

घरी सोडण्यापूर्वी कार्ड वाचावे. स्कॅनमधील निष्कर्ष, ग्लासगोचे गुण, बेशुद्धीचा कालावधी आणि अपघाताचा प्रकार त्यावर नसेल, तर लिहून देण्याची विनंती करावी. स्कॅनचा अहवाल आणि फिल्म जपून ठेवावी. डॉक्टरांसाठी हे दोन ओळींचे काम आहे.

अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२पासून अमलात आली आहे. तिच्यात मेंदूच्या इजांचा गट ‘एनए०७’ या नावाने येतो. ‘हेड इंज्युरी’ एवढेच लिहिले, तर मात्र तिथेही नशिबी अनिर्दिष्टांचाच रकाना : एनए०झेड.