हुकूमनामा हाती, पैसा परहाती

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये. ही म्हण मी वर्गात कितीतरी वर्षे शिकवली आणि निवृत्तीनंतर स्वतःच ती पायरी चढलो!

२०१४च्या उन्हाळ्यात देगलुरातल्या एका परिचितांनी लेकीच्या लग्नासाठी दोन लाख रुपये हातउसने मागितले. निवृत्तीच्या पैशांतून दिले. रुपयाचे रेव्हेन्यू तिकीट चिकटवून त्यांनी प्रॉमिसरी नोटेवर सही केली. म्हणाले, "गुरुजी, दिवाळीला देतो." तीन दिवाळ्या गेल्या. 'मागताच देईन' अशा नोटेवर दावा लावायची मुदत नोटेच्या तारखेपासून तीन वर्षांची. ती संपण्याआधी दावा लावला. उत्तर आले, "सही माझी, पण कागद कोरा होता. शिवाय गुरुजी विनापरवाना सावकारी करतात." वाचून रात्रभर झोप लागली नाही.

नोट मोबदल्यापोटीच लिहिली, असे १८८१चा कायदा उलट सिद्ध होईपर्यंत गृहीत धरतो. त्यांना उलट काही सिद्ध करता आले नाही. २०१९मध्ये हुकूमनामा झाला. मी पेढे वाटले. वकीलसाहेब नुसते हसले. ते का हसले, ते अपील झाल्यावर कळले.

नुसते अपील केल्याने वसुली थांबत नाही, असे दिवाणी प्रक्रिया संहिताच सांगते. स्थगिती हवी तर पैसे भरा किंवा तारण द्या. समोरच्यांनी एका जामीनदाराचा कागद दिला आणि स्थगिती मिळवली. तेव्हापासून फक्त तारखा! उद्या मी जिंकलो, तरी कायद्याचा मुद्दा काढून औरंगाबाद खंडपीठात दुसरे अपील करता येते. सौ.च्या गुडघ्यांचे ऑपरेशन मात्र थांबलेले आहे.

आता हिशेब पाहा. व्यापारी व्यवहार सोडला, तर हुकूमनाम्यानंतर व्याज जास्तीत जास्त सहा टक्के, म्हणजे दोन लाखांवर वर्षाला बारा हजार. बँकेचे कर्ज याहून महाग. मग देणेकऱ्याने पैसे का द्यावेत? अपील हेच त्याचे स्वस्त कर्ज!

कोणी म्हणेल, गुरुजी, अपील हा गरिबाचा आधार आहे. मान्य. सावकारांनी खोट्या कागदांवर शेतकरी नागवला, म्हणूनच १८७५मध्ये पुणे जिल्ह्यात सुप्याला दंगा झाला आणि कर्जरोखे जाळले गेले. आमचा भाग तेव्हा निजामाकडे. पण त्यातून १८७९मध्ये आलेला दख्खनच्या शेतकऱ्यांचा कायदा आठवण्यासारखा आहे. न्यायाधीशाने व्यवहार मुळापासून तपासावा, असे त्यात होते आणि अशा छोट्या दाव्यांत अपीलच ठेवले नव्हते. जिल्हा न्यायाधीशाला फक्त फेरतपासणीचा अधिकार होता. गरिबाला वाचवायचे तर तपास खोल हवा, लांब नव्हे, हे तेव्हाच्या सरकारलाही कळत होते.

मी अपील बंद करा म्हणत नाही. चेक वटला नाही आणि शिक्षा झाली, तर अपिलात दंडाच्या किंवा भरपाईच्या किमान वीस टक्के रक्कम भरायला लावण्याची तरतूद २०१८मध्ये झाली. ती रक्कम घेणेकऱ्याला उचलताही येते. चेक आणि प्रॉमिसरी नोट एकाच १८८१च्या कायद्यातली भावंडे. मग नोटवाल्याने काय पाप केले? पैशाच्या हुकूमनाम्यावर अपील करणाऱ्याने निम्मी रक्कम रोख भरावी, ती घेणेकऱ्याला हमीवर मिळावी आणि वर्षात निकाल लागावा. अपील खरे ठरले, तर पैसे सव्याज परत.

बरे, अपील संपले तरी दरखास्त उरतेच. देशात ८ लाख ८२ हजारांवर दरखास्ती पडून आहेत, हे सर्वोच्च न्यायालयानेच २०२५मध्ये नोंदवले. त्यांत सर्वाधिक, सुमारे ३ लाख ४१ हजार, आपल्या महाराष्ट्रात!

हे असेच चालले तर अडल्यानडल्याला हातउसने कोणी देणार नाही. मग तो खासगी सावकाराच्याच दारात जाईल. ज्याच्यापासून त्याला वाचवायचे होते, त्याच्याच!

असो. पुढच्या महिन्यात पुन्हा तारीख आहे. जाईन.