घरावर स्टे आहे

परवा मामेबहिणीचा फोन आला. मामा गेल्याला वर्ष होत आलं. भावांनी हक्कसोडपत्रावर सही मागितलीये, घराला गिऱ्हाईकही बघून ठेवलंय. "दादा, वकील म्हणतात स्टे घेऊन टाकू. घेऊ का?"

मी म्हटलं, "घे."

फोन ठेवल्यावर माझं मलाच नवल वाटलं. कारण आमच्या घरात 'स्टे' हा शब्द शिवीसारखा वापरला जायचा. नात्यातली बरीच मंडळी हे वाचतील, आत्याही वाचेल. तरी एकदा लिहूनच टाकतो.

कोकणातलं आमचं घर आजोबांनी स्वतःच्या कमाईतून बांधलेलं. ते १९९८ साली गेले, मृत्युपत्र नव्हतं, आजी आधीच गेलेली. म्हणजे १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्यानं बाबा, काका आणि आत्या, तिघांचा सारखा वाटा. पण त्याच कायद्यात एक कलम २३ होतं. कुटुंबाच्या वहिवाटीतल्या राहत्या घराची वाटणी भावांनी स्वतः करायला घेईपर्यंत मुलींना मागताच येत नसे! वाटा आहे, पण मागायचा नाही. हे कलम २००५ च्या दुरुस्तीनं गेलं.

२०११ मध्ये बाबा-काकांनी घर विकायचं ठरवलं आणि आत्यापुढे हक्कसोडपत्र ठेवलं. "तुझं लग्न थाटात करून दिलं की," हे वर. आत्या काही न बोलता उठून गेली. पुढच्या महिन्यात समन्स आलं. वाटपाचा दावा, आणि सोबत निशाणी ५ चा अर्ज. कोर्टकचेरी केलेल्यांना हा आकडा पाठ असतो. तूर्तातूर्त मनाईचा अर्ज तो हाच. मनाई मिळाली. बाबा एवढंच म्हणाले, "बहिणीनं कोर्टात खेचलं." त्या वर्षीपासून भाऊबीज बंद.

खरं तर मनाई हुकूम म्हणजे निकाल नव्हे. न्यायाधीश तीन गोष्टी बघतात: प्रथमदर्शनी दाव्यात तथ्य दिसतंय का, मनाई दिल्यानं आणि न दिल्यानं कोणाची जास्त गैरसोय होईल, आणि नंतर भरून निघणार नाही असं नुकसान होईल का. चोर कोण, साव कोण हे त्यात ठरत नाही. निकालापर्यंत वस्तू जागेवर राहावी, एवढाच हेतू.

आमची वस्तू जागेवर राहिली, पण कशी? कौलं सरकली तर बाबा म्हणायचे, स्टे आहे, हात लावला तर कोर्टाचा अवमान होईल. आत्याला वाटायचं, दुरुस्तीच्या नावाखाली भिंती हलवतील. वाशांना वाळवी लागली. २०१९ च्या पावसात माजघरावरचं छप्पर खाली आलं. तेव्हा मी तो हुकूम पहिल्यांदा वाचला. विकू नये, गहाण ठेवू नये, घराचं स्वरूप बदलू नये. बस. कौलं बदलू नका असं कुठेच नव्हतं. शंका होती तर त्याच कोर्टात एक अर्ज देऊन परवानगी मागता आली असती. आठ वर्षांत तो ना आम्ही दिला, ना आत्यानं.

म्हणून माझं मत असं झालंय, की स्टे हा गुन्हेगार नाही. आत्यानं तो घेतला नसता तर तिचा हिस्सा केव्हाच बुडाला असता. चूक ही, की स्टे मिळाला म्हणजे वाद संपला असं दोन्ही बाजू धरून चालतात. ज्याच्या ताब्यात घर आहे त्याला घाई नसते, ज्याला मनाई मिळाली तो निवांत होतो. वाटपाचा दावा तर दोन टप्प्यांचा. आधी प्राथमिक हुकूमनाम्यात हिस्से ठरतात, मग कोर्ट कमिशनर मोजणी करतो आणि अंतिम हुकूमनामा. पाऊस तेवढं थांबत नाही.

काही जण नुसतं अडवायला स्टे आणतात, हेही खरं. पण तसा हुकूम उठवण्यासाठी अर्ज करता येतो. त्यासाठी बहिणीशी बोलणं टाकायची गरज नसते.

बाबा २०२० मध्ये गेले. २०२१ मध्ये काका, आत्या आणि मी तडजोड केली, तीन सारखे हिस्से. आत्या पहिल्या दिवसापासून एवढंच मागत होती.

बहिणीला मी सांगितलं: स्टे घे, पण दुरुस्ती कोण करणार, घरपट्टी कोण भरणार, हिशोब कसा ठेवायचा, हेही त्याच अर्जात माग. मध्यस्थीला तयार आहे असं पहिल्याच तारखेला सांग. आणि समन्स पोचायच्या आत भावांना स्वतः जाऊन सांग.

काल तिचा निरोप आला. जाऊन आली. धाकटा बोललाच नाही. थोरला दारातच उभा होता, मग म्हणाला, "आत ये, बस."

असो.