स्थानपोथी एका ओळीत संपत नाही

मराठी वाङ्मयेतिहासाच्या बहुतेक पाठ्यपुस्तकांत महानुभाव गद्याच्या प्रकरणाची वाटणी ठरलेली असते. लीळाचरित्राला पाने मिळतात, दृष्टान्तपाठाला परिच्छेद मिळतात आणि स्थानपोथीला एक ओळ: चक्रधरस्वामींच्या वास्तव्याची स्थाने नोंदविणारा ग्रंथ. आम्हीही वर्षानुवर्षे ती ओळ वर्गात सांगून पान उलटले आहे. ती चूक होती, हे आज लिहिणे भाग आहे.

चौदाव्या शतकातील हा ग्रंथ नेमके काय करतो? गाव कोणते, त्यात देऊळ कोठे, त्याचे दार कोणत्या दिशेस, तेथून कोणत्या अंगाला स्वामींचे आसन, कोठे वस्ती, हे तो सांगतो. लीळा तेराव्या शतकातल्या. नोंद करणारा पुढच्या पिढ्यांतला. बसणारा निघून गेला आहे आणि देऊळही कायम राहील याची हमी नाही. म्हणून एक खूण दुसऱ्या खुणेशी बांधून ठेवायची. एकाच जागेचे दोन काळ एका वाक्यात धरणारी ही पद्धत आहे. तिला केवळ भक्तीची यादी समजणे हा आमच्या अभ्यासकांचा आळस होय.

आणि अशी पद्धत हाताशी असताना आमची समीक्षा काय करते? 'प्रादेशिक कादंबरीची वैशिष्ट्ये' विचारते आणि स्थळ म्हणजे पात्रांमागे टांगलेला पडदा, असे उत्तर स्वीकारते. दुसरीकडे चर्चासत्रांत 'अवकाश' या शब्दाचा जप चालतो. निबंधात पाश्चात्त्य विचारवंतांची नावे असतात. पण सभागृहाबाहेरच्या रस्त्याला ते नाव का पडले, हे निबंधकर्त्याला ठाऊक नसते. पाश्चात्त्य विचाराशी आमचे भांडण नाही. घरातली पोथी न उघडता उसनवारीला निघण्याशी आहे.

ठाणे पूर्वेची कोपरी पाहावी. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून निघालेली गाडी ठाण्यास पोहोचली आणि जे एकसलग होते त्याला 'पूर्व' आणि 'पश्चिम' अशी नावे पडण्याची सोय झाली. चेंदणी कोळीवाडा रुळांच्या दोन्ही अंगांना विभागला गेला. फाळणीनंतर कोपरीत सिंधी निर्वासितांची वसाहत झाली; त्यांनी येताना मनात आणलेली गावे आमच्या कोणत्या नकाशात आहेत? मीठबंदर रस्ता आजही आहे, पण तेथे रिक्षातून उतरणाऱ्याला मिठाचा खडाही दिसत नाही. २००९ च्या निवडणुकीपासून 'कोपरी-पाचपाखाडी' हा मतदारसंघ आहे, म्हणजे मतदारयादीतली कोपरी रूळ ओलांडून पश्चिमेस गेली आहे. वाशीजवळ दुसरी कोपरी, डोंबिवलीलगत कोपर. कल्याणजवळची सत्तावीस गावे तर २००२ साली महापालिकेतून वगळली गेली आणि २०१५ साली पुन्हा आत आली. शेत आणि विहीर मात्र जागची हलली नाहीत. (शिलाहारांच्या ताम्रपटांत या नगराचे नाव श्रीस्थानक. 'ठाणे स्थानक' म्हणताना आपण एकच शब्द दोनदा उच्चारतो, याची गंमत कोणाला वाटत नाही.)

हे भूगोल विभागाचे काम, असे आमचे काही सहकारी म्हणतील. भूगोल विभाग सीमा मोजील. मीठ गेल्यावरही मीठबंदर हे नाव कोणाच्या तोंडी टिकले आणि कोणत्या पिढीला ते निरर्थक झाले, हा प्रश्न भाषेचा आहे. राजवाड्यांनी १९२४ साली महिकावतीची बखर प्रसिद्ध केली, तेव्हा उत्तर कोकणातली गावे आणि त्यांची नावे त्यांना इतिहासाबाहेरची वाटली नव्हती. आम्ही त्यांचे वारस म्हणवतो आणि स्थलनामे 'ऐच्छिक' रकान्यातही ठेवत नाही.

आमची मागणी साधी आहे. पदव्युत्तर अभ्यासक्रमात स्थानपोथी मुळातून वाचली जावी, आणि अंतर्गत मूल्यमापनासाठी विद्यार्थ्याने आपल्या वस्तीतल्या एका जागेची तशी नोंद करावी: आज तेथे काय उभे आहे, पूर्वी काय होते, कोणत्या खुणेपासून कोणत्या दिशेस, आणि हे सांगितले कोणी. 'कोपरी हे नाव कोपरा या शब्दावरून आले' एवढेच लिहिणाऱ्याला आम्ही गुण देणार नाही. तो कोपरा कशाचा, खाडीचा की गावाचा, आणि कोणत्या काळातला, हे त्याने कोपरीत हिंडून विचारून यावे.