आप्पांची हार्ड डिस्क

आमचे चुलते आप्पा वनखात्यांत होते. एटापल्ली-भामरागडकडे काढलेल्या वर्षांत त्यांनीं माडिया बोलींतले शब्द टिपून ठेविले, ते सारे चंद्रपूरच्या घरांतील एका जुन्या संगणकांत. विंडोज एक्सपी आणि 40 गिगाबाइटची हार्ड डिस्क! गेल्या वैशाखांत ती टकटक आवाज करूं लागली, तेव्हां संगणक लागलीच बंद करून संबंध डिस्कची प्रत घेण्याचें ठरलें.

अशा यंत्रास घोस्ट हा जुनाच प्रोग्राम मानवतो. न्यूझीलंडच्या मरे हॅझर्ड यांनीं तो रचला, 1998 मध्यें तो सिमॅन्टेकनें घेतला, आणि 2013 मध्यें नॉर्टन घोस्टची विक्री थांबली. आमच्याकडे त्याची सीडी होती, परंतु सीडी वाचणारा भाग केव्हांच निकामी झालेला, म्हणून पेनड्राइव्ह.

दुसऱ्या, धडधाकट संगणकावर रूफस उघडून पेनड्राइव्ह निवडावा, बूटच्या रकान्यांत फ्रीडॉस घ्यावें, रचना फॅट-32 ठेवावी; तें झाल्यावर घोस्टची फाइल त्यावर उतरवावी. मात्र पेनड्राइव्हवर पूर्वीं असेल तें सर्व पुसलें जातें. आमच्या पुतण्यानें वहिनींच्या मंगळागौरीचीं छायाचित्रें अशींच घालविलीं. दोन दिवस घरांत जेवणें मुकाट्यानें झालीं.

मग बायोसमध्यें पेनड्राइव्हास पहिला क्रम द्यावा. (नव्या यंत्रांत 'लेगसी' पर्याय लागतो, कित्येकांत तो नसतोच, तेथें ही युक्ति चालत नाहीं.)

खरा धोका यापुढें. 'टू इमेज' म्हणजे डिस्कवरून प्रत घेणें, 'फ्रॉम इमेज' म्हणजे प्रत डिस्कवर ओतणें. दोन्ही शब्द जवळजवळ. चुकल्यास जें वाचवावयाचें तेंच जातें. शिवाय यादींत पेनड्राइव्हही डिस्क म्हणूनच दिसतो, तो आकारावरून ओळखावा. डिस्क दुखणाईत असल्यानें आम्हीं 'एफआरओ' हा स्विच लाविला. त्यायोगें खराब भाग आला तरी काम अडून राहत नाहीं. फॅट-32 वर 4 गिगाबाइटांची फाइल मावत नाहीं, म्हणून प्रत तुकड्यांत घेतली.

उन्हें चढण्यापूर्वीं, पहाटेस, इन्व्हर्टर जोडून बसलों. आप्पा शेजारीं खुर्ची घेऊन. चहा निवला तरी हलले नाहींत.

नंतर घोस्ट एक्स्प्लोररनें प्रत उघडून शब्दांच्या फाइली निराळ्या काढल्या. दोन उघडल्या नाहींत. त्यांतले शब्द आप्पा हल्लीं दुपारीं आठवून सांगतात, आणि धाकटी सूनबाई टंकलिखित करते.