बाकावरचा राजा

आपल्या शाळांतून पूर्वी खोडकर मुलाला बाकावर उभे करीत असत. वर्गातली सारी पोरे खाली बसलेली आणि हा एकटा वर, कान लाल करून उभा! बास्केटबॉलच्या खेळात नेमका याच्या उलट प्रकार असतो. तिथे बाकावर बसणे हीच शिक्षा. पाच जण मैदानात खेळत असतात आणि उरलेले कडेच्या बाकावर बसून, आपल्याला केव्हा हाक येते याची वाट पाहत असतात. हाक आलीच नाही तर घामाचा थेंबही न गाळता, टॉवेल खांद्यावर टाकून परत जायचे. नवशिक्याला त्याचे फारसे काही वाटणार नाही. पण ज्याने आपल्या मुलखात राज्य केले आहे, त्याला तो बाक किती टोचत असेल? आजच्या सदरात अशाच एका राजाची हकीकत सांगायची आहे.

त्याचे नाव ड्राझेन पेट्रोविच. २२ ऑक्टोबर १९६४ रोजी एड्रियाटिक समुद्राकाठच्या शिबेनिक या गावी त्याचा जन्म झाला. हे गाव तेव्हा युगोस्लाव्हियात होते, आज क्रोएशियात आहे. थोरला भाऊ अलेक्झांडर बास्केटबॉल खेळे. धाकट्याने त्याच्या पाठोपाठ चेंडू हाती घेतला आणि मग तो सोडलाच नाही. सकाळी शाळेची घंटा होण्याआधी हा पोरगा एकटाच व्यायामशाळेत जाऊन नेम मारीत बसे. पंधराव्या वर्षी तो गावच्या शिबेन्का या संघात दाखल झाला. १९८३ साली अजिंक्यपदाच्या निर्णायक सामन्यात, अगदी शेवटच्या क्षणी, त्याने दोन मुक्त फेकी टोपलीत टाकून संघाला जिंकून दिले. गावाने रात्रभर आनंद केला. आणि दुसऱ्या दिवशी पंचांच्या निर्णयाचा वाद निघून तो निकालच रद्द ठरला! सामना पुन्हा खेळायला शिबेन्काने नकार दिला आणि अजिंक्यपद सारायेव्होच्या संघाकडे गेले. अठरा वर्षांच्या पोराला नशिबाने दिलेला हा पहिला धडा.

पुढे सक्तीची लष्करी नोकरी आटोपून १९८४ साली तो झाग्रेबच्या चिबोना संघात आला आणि तिथे त्याचे राज्य सुरू झाले. १९८५ आणि १९८६ अशी लागोपाठ दोन वर्षे चिबोनाने युरोपचा चषक जिंकला. ऑक्टोबर १९८५ मध्ये एका सामन्यात त्याने एकट्याने ११२ गुण केले. समोर त्या दिवशी पोरसवदा खेळाडू होते हे खरे. पण ११२ म्हणजे ११२! १९८९ साली माद्रिदच्या रेआल संघाकडून खेळताना युरोपातल्या दुसऱ्या एका चषकाच्या अंतिम सामन्यात त्याने ६२ गुण मिळवले, तेव्हा मात्र समोर कोणी पोरे नव्हती. वर्तमानपत्रे त्याला बास्केटबॉलचा मोझार्ट म्हणू लागली. स्वारी नम्र होती असे मात्र नव्हे. चेंडू टोपलीत पडला की मुठी उंचावायच्या, प्रतिपक्षाला डिवचायचे, प्रेक्षकांकडे पाहून हसायचे, असे सगळे चाळे त्याला येत. स्वकीयांनी डोक्यावर घ्यावे आणि परक्यांनी बोटे मोडावीत, असा तो खेळाडू होता.

अमेरिकेतल्या पोर्टलंडच्या संघाने १९८६ सालीच त्याच्या नावावर हक्क सांगून ठेवला होता. पण तोही कसा, तर त्या वर्षीच्या निवडीत साठाव्या क्रमांकावर. युरोपचा राजा तिकडच्या बाजारात साठावा! युरोपातले खेळाडू नाजूक, त्यांना धक्काबुक्की सोसत नाही, प्रतिपक्षाला अडवता येत नाही, असा त्या काळी अमेरिकेत समज होता. १९८९ साली पेट्रोविच तिथे पोहोचला. त्याच वर्षी सोव्हिएत आणि युगोस्लाव्ह संघांतले आणखी काही नामवंत अमेरिकेत दाखल झाले होते. पोर्टलंडमध्ये त्याच्या जागेवर क्लाइड ड्रेक्सलरसारखा कसलेला खेळाडू आधीच होता. तेव्हा पेट्रोविचच्या वाट्याला काय आले? अठ्ठेचाळीस मिनिटांच्या सामन्यात सरासरी बारा-तेरा मिनिटे! उरलेला वेळ बाकावर.

या दिवसांत त्याला आधार होता तो एका मित्राचा. व्लादे दिवाच हा युगोस्लाव्ह संघातला उंचापुरा गडी त्याच वर्षी लॉस एंजेलिसच्या लेकर्स संघात आला होता. राष्ट्रीय संघाच्या दौऱ्यांत दोघे एकाच खोलीत राहत. दोघांच्याही नावाच्या शेवटी च आहे. पण पेट्रोविचचा च चिमणीतला आणि दिवाचचा चमच्यातला. एक क्रोएशियाचा, दुसरा सर्बियाचा. तेव्हा या फरकाला च-च्या फरकाइतकेच महत्त्व होते. दिवाचला लवकर खेळायला मिळाले, पेट्रोविचला मिळेना. म्हणून हा वरचेवर फोन करी आणि तो आपली व्यथा सांगे. परक्या मुलखात आपल्या भाषेत कुरकुर करायला माणूस मिळणे हे सुख ज्यांनी अनुभवले आहे, त्यांना त्याची किंमत सांगायला नको.

ऑगस्ट १९९० मध्ये ब्युनोस आयरेस येथे युगोस्लाव्हियाने सोव्हिएत संघाला ९२-७५ असे हरवून जागतिक अजिंक्यपद मिळवले. आनंदाच्या त्या गर्दीत एक प्रेक्षक क्रोएशियाचा ध्वज घेऊन मैदानात शिरला. हा विजय साऱ्या युगोस्लाव्हियाचा आहे, इथे निराळा ध्वज नको, असे म्हणून दिवाचने तो त्याच्या हातून काढून घेतला. सर्बियाचा ध्वज असता तरी आपण हेच केले असते, असे त्याने पुढे सांगितले. पण देश तेव्हा फुटण्याच्या बेतात होता. सर्बियात तो वीर ठरला आणि क्रोएशियात वैरी. आणि पेट्रोविच? त्याने भांडण केले नाही. तो बोलेनासा झाला, एवढेच. जून १९९१ मध्ये क्रोएशियाने स्वातंत्र्य जाहीर केले, युद्ध पेटले; सप्टेंबरात खुद्द शिबेनिकवर तोफा डागल्या गेल्या. आपल्या गावावर गोळे पडत असताना, पूर्वीच्या मित्राला फोन लावायला हात धजावत नसेल, तर त्याला दोष कोणी द्यावा?

इकडे पोर्टलंडमधली बैठक संपतच नव्हती. दुसऱ्या वर्षी तर मिनिटे वाढायच्या ऐवजी घटली. मला खेळता येईल अशा संघात पाठवा, असा त्याने आग्रह धरला आणि २३ जानेवारी १९९१ रोजी त्याची रवानगी न्यू जर्सीच्या नेट्स संघात झाली. पोर्टलंडचा संघ बलाढ्य, नेट्सचा अगदी दुबळा; पण इथे मैदान मोकळे होते. युरोपातून पोर्टलंडला यायला त्याला एक दिवस पुरला असेल. बाकावरून उठायला सव्वा वर्ष लागले. शिबेनिकच्या व्यायामशाळेतली सवय त्याने पुन्हा चालू केली. उन्हाळ्याच्या सुटीतही अंगमेहनत, आणि नेम, नेम, नेम! १९९१-९२ च्या हंगामात नेट्सच्या ८२ सामन्यांपैकी एकही त्याने चुकवला नाही, आणि सामन्यामागे सरासरी २०.६ गुण मिळवले. पुढच्या हंगामात ती सरासरी २२.३ वर गेली आणि त्या वर्षीच्या सर्वोत्तम पंधरा खेळाडूंत त्याची गणना झाली. तारांकित खेळाडूंच्या प्रदर्शनी सामन्यात मात्र त्याला बोलावणे आले नाही, हे त्याच्या मनाला लागले.

मध्यंतरी १९९२ साली बार्सेलोनाच्या ऑलिंपिकमध्ये नवजात क्रोएशियाच्या संघाने त्याच्या नेतृत्वाखाली अंतिम फेरी गाठली. समोर जॉर्डन-मॅजिक जॉन्सनांचा अमेरिकन संघ! क्रोएशिया ८५-११७ असा हरला; पेट्रोविचचे त्यात २४ गुण होते. दिवाच त्या स्पर्धेत नव्हता. त्याच्या देशाच्या संघाला आंतरराष्ट्रीय बंदीमुळे खेळताच आले नाही. अमेरिकेत मात्र लेकर्स आणि नेट्स यांचे सामने होत, दोघे समोरासमोर येत, आणि पेट्रोविच बाजूने निघून जाई.

७ जून १९९३. पोलंडमधला राष्ट्रीय सामना आटोपून पेट्रोविच जर्मनीतून मोटारीने निघाला होता. पाऊस पडत होता. डेंकेनडॉर्फ गावाजवळच्या हमरस्त्यावर एक मालमोटार आडवी झाली आणि मोटार तिच्यावर आदळली. तो शेजारच्या आसनावर झोपेत होता. वय अवघे अठ्ठावीस.

पुढे त्याचे सगळे मानमरातब झाले. नेट्सने त्याचा तीन क्रमांकाचा सदरा कायमचा बाजूला ठेवला, २००२ साली बास्केटबॉलच्या मानकऱ्यांत त्याचे नाव कोरले गेले. युरोपीय खेळाडू नाजूक असतात असे आता अमेरिकेत कोणी म्हणत नाही. निकोला योकिच या सर्बियन खेळाडूने २०२१, २०२२ आणि २०२४ अशा तीन वर्षी तिथला सर्वोत्तम खेळाडूचा किताब मिळवला, यातच सारे आले. बाकावरच्या त्या सव्वा वर्षाचे व्याज पुढच्यांना मिळाले म्हणा ना!

राहता राहिला दिवाच. २०१० साली एका बोलपटाच्या निमित्ताने तो झाग्रेबला गेला. पेट्रोविचच्या आईला आणि भावाला भेटला, मिरोगोयच्या दफनभूमीत मित्राच्या थडग्यापाशी उभा राहिला आणि दोघांचा एक जुना फोटो तिथे ठेवून आला. कधी तरी बसून बोलू, असे तो मनाशी म्हणत होता. ते कधी तरी आलेच नाही.

पेट्रोविचच्या कष्टांचे कौतुक करावे तेवढे थोडेच. आणि मुलांना सांगण्यासारखी गोष्ट तीच आहे. पण थोरांनी दुसरी गोष्टही ध्यानात ठेवावी. चुकलेला नेम दुसऱ्या दिवशी पुन्हा मारता येतो, बाकावरून चिकाटीने उठता येते. तुटलेले बोलणे मात्र एकट्याच्या मेहनतीने जुळत नाही, त्याला दुसरा माणूस हयात असावा लागतो. दिवाळीचे दिवस आहेत. घरोघरी फराळाचे डबे भरले जात आहेत. ज्या घराशी आपले बोलणे थांबून वर्षे लोटली, त्या घरी यंदा एक डबा पोहोचता करायला काय हरकत आहे?