कायदा घरातला : फी भरण्याआधी नियम वाचा



या आठवड्याच्या टपालातले एक पत्र वाचता वाचता माझा चहा तसाच निवून गेला. लिहिणारी बहीण दोन मुलांची आई. लग्नाआधी बी. ए. झालेली. धाकटा शाळेत जाऊ लागल्यावर तिने बी. एड. करायचे ठरवले. पाटल्या मोडून फी भरली. दोन वर्षे पहाटे उठून, सगळ्यांचे डबे करून कॉलेज गाठले आणि गेल्या वर्षी पदवी घेतली. आता घराजवळच्या प्राथमिक शाळेत जागा निघाली, तर तिथे सांगितले, "बाई, पहिली ते पाचवीला बी. एड. चालत नाही."

ती विचारते, "बारावीनंतरचे डी. एड. चालते आणि पदवीनंतरचे बी. एड. चालत नाही, हा कुठला न्याय? ताई, कोर्टात जाऊ का?"

आधी उत्तर सांगते, मग कारण. या जागेसाठी कोर्टात जाऊन हाती काही लागेल असे मला वाटत नाही. उरलेले चार पैसे वकिलाला देऊ नका. हा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाऊन आला आहे.

झाले असे. शिक्षकाची पात्रता राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषद ठरवते. 28 जून 2018 रोजी परिषदेने बी. एड. वाल्यांनाही पहिली ते पाचवीला नेमता येईल असे जाहीर केले. अट एवढीच की, नेमणुकीनंतर दोन वर्षांत सहा महिन्यांचा जोड-अभ्यासक्रम पुरा करायचा. यावरून राजस्थानात डी. एड. वाले आणि बी. एड. वाले यांच्यात कोर्टकज्जा उभा राहिला. 2021 साली राजस्थान उच्च न्यायालयाने ती अधिसूचना रद्द केली आणि 11 ऑगस्ट 2023 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय कायम केला.

न्यायालयाचे म्हणणे आपल्याला घरातल्या भाषेत सहज समजेल. मोठ्या मुलाला बीजगणित शिकवणे वेगळे आणि सहा वर्षांच्या पोराचा हात धरून अक्षर गिरवून घेणे वेगळे, हे आईला का सांगायला हवे? डी. एड. चे शिक्षण त्या लहानग्यांसाठीच असते, बी. एड. चे वरच्या वर्गांसाठी. त्यामुळे इथे पदवी मोठी की पदविका, हा प्रश्नच नाही. सक्तीच्या शिक्षणाचा हक्क मुलाचा आहे आणि ते शिक्षण चांगले मिळणे हाही त्याचाच हक्क आहे.

मग आधीच नोकरीत असलेल्यांचे काय? 8 एप्रिल 2024 रोजी न्यायालयाने खुलासा केला की, निकाल पुढच्या नेमणुकांना लागू होईल. 11 ऑगस्ट 2023 पूर्वी रीतसर नेमलेल्यांना काही अटींवर संरक्षण मिळाले. आपल्या पत्रलेखिकेची नेमणूकच झालेली नाही, म्हणून तिला त्याचा उपयोग नाही.

पण बाई, पाटल्या वाया गेल्या असे समजू नका. सहावी ते आठवीसाठी बी. एड. चालते. पदवीला किमान 50 टक्के गुण आणि शिक्षक पात्रता परीक्षेचा दुसरा पेपर उत्तीर्ण, एवढे हवे. माध्यमिक शाळेची वाटही मोकळी आहे. लहान मुलांनाच शिकवायची हौस असेल तर मात्र डी. एड. ची दोन वर्षे काढावी लागतील.

पत्राच्या शेवटी ताजा कलम आहे आणि खरी काळजी मला त्याचीच वाटते. "नणंदेला यंदा डी. एड. ला घालायचे आहे. एका नव्या संस्थेची माणसे म्हणतात, मान्यता येतेच आहे, आत्ता फी भरा."

भरू नका! 1986 साली आंध्र प्रदेशातल्या मान्यता नसलेल्या प्रशिक्षण संस्थांचे विद्यार्थी निदान परीक्षेला बसू द्या म्हणून सर्वोच्च न्यायालयात गेले होते. न्यायालयाने नकार दिला. 1992 साली तर प्रकरण आपल्या महाराष्ट्रातलेच होते. उच्च न्यायालयाने विद्यार्थ्यांची दया येऊन परीक्षेची परवानगी दिली, ती सर्वोच्च न्यायालयाने काढून घेतली. वर्षे गेली, पैसे गेले, म्हणून नियम वाकत नाही.

तेव्हा फी भरण्याआधी एवढे कराच. आपल्याला कोणत्या वर्गांना शिकवायचे आहे ते ठरवा आणि मग अभ्यासक्रम निवडा. संस्थेला परिषदेची मान्यता आहे का, तीही त्याच अभ्यासक्रमाला आणि त्याच वर्षासाठी आहे का, ते मान्यतेचे पत्र पाहून खात्री करा. नुसत्या पाटीवर जाऊ नका. यंदाची प्रवेशपुस्तिका स्वतः वाचा. गुणांची अट, राखीव प्रवर्गाची सवलत, दाखल्यांची मुदत सगळे तीत असते. "माझ्या बहिणीला मागे चालले होते" हा पुरावा नव्हे. आणि पैसे भराल त्याची छापील पावती घ्या.

दागिना मोडताना आपण सोनाराकडे वजन दोनदा करून घेतो. त्या पैशातून जे घ्यायचे, तेही तसेच पारखून घ्यायला नको का?

तुमची,
वकीलताई